हळदणकरांचे चित्र म्हैसूरलाच राहू द्या

सावळाराम लक्ष्मण हळदणकरांचे 'ग्लो ऑफ होप' हे चित्र म्हैसूरहून महाराष्ट्रात परत आणावे, ही मागणी मला मुळातूनच अमान्य आहे. मी मेटगळ्ळीत राहतो. कृष्णराजसागरचा रस्ता आमच्या भागातूनच जातो, त्यामुळे म्हैसूर पाहायला आलेला मराठी पाहुणा वृंदावन बागेला जाता-येता आमच्याकडे चहाला थांबतो. सकाळी हे चित्र जिथे लागले आहे तो जगनमोहन राजवाडा पाहून झालेला असतो. चहा संपायच्या आत विषय निघतो: आपल्या सावंतवाडीच्या चित्रकाराचे चित्र यांच्याकडे कसे? आणि वर त्याचे श्रेय रविवर्म्याला? आपली माणसे गप्प का बसली? पाहुण्याचा संताप खरा असतो आणि त्यामागचे प्रेमही खरे असते. पण त्या संतापाचे बाण चुकीच्या दिशेने सुटतात, आणि म्हणूनच त्याला सविस्तर उत्तर द्यायला हवे.

आधी चित्राविषयी. एक स्त्री उभी आहे. एका हातात दिवा आणि ज्योतीला दुसऱ्या हाताचा आडोसा. तो उजेड तिच्या बोटांतून आरपार येतो, बोटांच्या कडा तांबूस होतात, मग चेहऱ्यावर आणि पदरावर पसरत मागच्या काळोखात विरतो. चित्रकाराने यासाठी आपल्याच मुलीला उभे केले होते. प्रेक्षक पाच मिनिटे पाहतो, "काय जिवंत आहे!" म्हणतो आणि पुढे जातो. त्याला सहसा कोणी सांगत नाही की हे जलरंगातले काम आहे. तैलरंगात चित्रकार आधी काळोख रंगवतो आणि शेवटी त्यावर उजेडाचा जाड फटकारा ठेवू शकतो. चुकला तर खरवडून पुन्हा ठेवतो. पारदर्शक जलरंगात ही सोय नाही. तिथे उजेड म्हणजे खालचा कोरा कागद. जिथे ज्योत हवी तिथे कागद पहिल्यापासून शेवटपर्यंत राखायचा आणि भोवतीचा काळोख पातळ थरांवर थर देत चढवत न्यायचा. एकदा झाकलेला उजेड परत मिळत नाही. एवढ्या मोठ्या आकारात, एवढ्या गडद काळोखात ही शिस्त शेवटपर्यंत टिकवणे हाच या चित्राचा पराक्रम आहे.

म्हणून ते रविवर्म्याच्या नावावर खपवणे ही नावाच्या गफलतीपेक्षा मोठी चूक आहे. रविवर्मा गाजला तो तैलरंगातल्या चित्रांसाठी. त्याचा मृत्यू २ ऑक्टोबर १९०६ रोजी झाला आणि हे चित्र १९४५-४६ च्या सुमाराचे आहे. ज्या माध्यमावरची हुकमत हळदणकरांनी इथे पणाला लावली, तीच या चुकीमुळे पुसली जाते. पण ही चूक पसरवली कोणी? जगनमोहनमधल्या संग्रहालयाने नव्हे. तिथे हे चित्र हळदणकरांचे म्हणूनच मांडलेले आहे. रविवर्म्याचे नाव चिकटवले ते कॅलेंडरवाल्यांनी, फ्रेमच्या दुकानांनी आणि मोबाइलवरून चित्रे पुढे ढकलणाऱ्या हजारो लोकांनी. त्यांत मराठी माणसे काही थोडीथोडकी नाहीत. दिवाळी आली की हेच चित्र 'राजा रविवर्मा' या ओळीसकट मराठी शुभेच्छांखाली फिरते. याला म्हैसूरकर जबाबदार कसे?

दुसरा मुद्दा चित्र 'नेले' या शब्दप्रयोगाचा. कोणी काही नेलेले नाही. म्हैसूरच्या राजघराण्याने ते आपल्या संग्रहात घेतले आणि लोकांना पाहता येईल असे मांडले. हळदणकर १९६८ पर्यंत हयात होते. सावंतवाडीसारख्या छोट्या संस्थानातून १९०३ मध्ये मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टला आलेला मुलगा, १९०८ मध्ये मुंबईत स्वतःची चित्रशाळा काढणारा शिक्षक, १९१८ च्या आर्ट सोसायटी ऑफ इंडियाच्या संस्थापकांपैकी एक, एवढ्या जाणत्या माणसाला आपले चित्र कुठे लागले आहे हे कळत नव्हते असे मानायचे का? चित्रकाराला आश्रयदाता आणि भिंत हवी असते. त्या काळी चांगली भिंत देणाऱ्यांमध्ये म्हैसूर पुढे होते. जगनमोहन राजवाडा १८६१ चा. १९१५ मध्ये त्याचे कलासंग्रहालय झाले. सध्याचे नाव, श्री जयचामराजेंद्र आर्ट गॅलरी, १९५५ मधले. म्हैसूर विद्यापीठाचे सुरुवातीचे पदवीदान समारंभही याच वास्तूत झाले. विद्यापीठ आणि चित्रे एकाच छताखाली आली, हा योगायोग मला फार महत्त्वाचा वाटतो. त्याचे कारण पुढे येईलच.

याच जगनमोहनमध्ये आणखी एक गोष्ट घडली, आणि मराठी पाहुण्यांनी तिच्यापाशी थांबायला हवे. १९२४ मध्ये इथे आधुनिक भारतीय चित्रांचे दालन उभारण्याचे काम जेम्स कझिन्स या आयरिश कवीकडे आले. कझिन्स बंगाल शैलीचा कट्टर पुरस्कर्ता होता. त्याने त्या शैलीचे प्रवर्तक अवनींद्रनाथ टागोर यांच्या वळणाची चित्रे इथे आणली. म्हणजे ज्या रविवर्म्यावर बंगालच्या पुरस्कर्त्यांनी 'पाश्चात्त्यांची नक्कल' म्हणून तोंडसुख घेतले, त्या रविवर्म्याची चित्रे, त्याला नाकारणारी बंगालची चित्रे, म्हैसूरची सोनेरी वर्ख लावलेली पारंपरिक चित्रे आणि पुढे मुंबईच्या हळदणकरांचे जलरंग, हे सगळे एका वास्तूत नांदू लागले. राजाने स्वतःच्या दरबारातल्या वेंकटप्पांना शिकायला कलकत्त्याला अवनींद्रनाथांकडे पाठवले, पण म्हणून मुंबईच्या वास्तववादाला दार बंद केले नाही. प्रांताप्रांतांची भांडणे ऐन भरात असताना दाखवलेले हे औदार्य आज आपण त्याच वास्तूकडे बोट दाखवून मोडीत काढायला निघालो आहोत.

त्या भांडणांची आठवण आज फारशी कोणाला नाही, म्हणून थोडे सांगतो. विसाच्या दशकात मुंबई विरुद्ध कलकत्ता असा सामना जुंपला होता. जे. जे.चे प्रमुख कॅप्टन ग्लॅडस्टन सॉलोमन मुंबईच्या विद्यार्थ्यांकडून भित्तिचित्रे करून घेत होते आणि हेच भारतीय कलेचे पुनरुज्जीवन आहे असे लिहीत होते. तिकडे ओ. सी. गांगुलींचे 'रूपम' हे नियतकालिक बंगालची बाजू लढवत होते. मुंबईकडून 'बॉम्बे क्रॉनिकल'मध्ये कन्हैयालाल वकील लिहीत. नव्या दिल्लीच्या सचिवालयात भिंती रंगवण्याचे काम १९२८-२९ मध्ये जे. जे.च्या मंडळींना मिळाले, तेव्हा मुंबईत विजयाचा आनंद झाला. लगेच लंडनच्या इंडिया हाउसच्या भिंतींसाठी चार चित्रकार निवडले गेले ते चारही बंगाली, आणि मुंबईत संतापाची लाट उसळली. दोन्हीकडच्या लेखण्या वर्षानुवर्षे झिजल्या.

आज शंभर वर्षांनी हिशेब मांडला तर काय दिसते? दिल्लीच्या त्या भिंती मुंबईने जिंकल्या, पण भारतीय आधुनिक कलेचा इतिहास कोणत्याही पाठ्यपुस्तकात बंगालपासूनच सुरू होतो. धुरंधर, हळदणकर, आबालाल रहमान, त्रिंदाद ही मुंबईच्या कलापरंपरेतली नावे एखाद्या परिच्छेदात उरकली जातात. आपल्याकडची मंडळी याचे खापर बंगाली समीक्षकांच्या पक्षपातावर फोडतात. पक्षपात होता, मी नाकारत नाही. पण तेवढ्याने हा निकाल लागला नाही. बंगालने चित्रांभोवती संस्था उभ्या केल्या. शांतिनिकेतनचे कलाभवन १९१९ मध्ये निघाले. १९३७ मध्ये कलकत्ता विद्यापीठाने आशुतोष संग्रहालय स्थापले. भारतातल्या विद्यापीठाने काढलेले ते पहिले संग्रहालय. बनारसला राय कृष्णदासांनी १९२० मध्ये सुरू केलेले भारत कला भवन १९५० मध्ये हिंदू विद्यापीठात गेले. जिथे चित्र, त्याची नोंद, त्यावर प्रबंध लिहिणारा विद्यार्थी आणि ते पाहणारा सामान्य माणूस एकाच आवारात असतात, तिथे इतिहास लिहिला जातो. युरोपने हे फार आधी ओळखले होते. ऑक्सफर्डचे अ‍ॅशमोलियन १६८३ पासून उघडे आहे.

आता आपल्याकडे पाहा. मुंबई विद्यापीठ आणि जे. जे. स्कूल ऑफ आर्ट, दोन्हींचे जन्मवर्ष १८५७. एकाच वर्षी, एकाच शहरात, एकमेकांपासून चालत जाण्याच्या अंतरावर. एवढ्या काळात विद्यापीठाच्या नावाने चालणारे, सामान्य माणूस रविवारी मुलाबाळांना घेऊन चित्रे पाहायला जाईल असे कलासंग्रहालय मुंबईकराच्या डोळ्यांसमोर येत नाही. पुण्यात डेक्कन कॉलेजकडे पुरातत्त्वाची आणि मराठा इतिहासाची संग्रहालये आहेत. त्यांचे मोल मोठे आहे, पण ती चित्रांसाठी नाहीत. आणि जे. जे.चा स्वतःचा संग्रह, दीडशेहून अधिक वर्षांतल्या विद्यार्थ्यांची आणि शिक्षकांची कामे, पिढ्यान् पिढ्या मुख्यतः कपाटांत आणि कोठारांत राहिला. कधी प्रदर्शन लागले की त्यातले थोडे बाहेर आले आणि पुन्हा आत गेले. जॉन ग्रिफिथ्स १८७२ पासून विद्यार्थ्यांना घेऊन अजिंठ्याच्या लेण्यांत बसले, वर्षानुवर्षे प्रतिकृती केल्या. त्या लंडनला गेल्या आणि १८८५ च्या आगीत त्यांतल्या बऱ्याच जळाल्या. त्या धक्क्यानंतर तरी कामे घरी जपण्याची ईर्ष्या आपल्यात यायला हवी होती.

म्हैसूरच्या बाजूला काय आहे तेही सांगतो, कारण मी रोज पाहतो. १९१६ मध्ये स्थापन झालेल्या म्हैसूर विद्यापीठाने मानसगंगोत्रीच्या आवारातल्या जयलक्ष्मी विलास या राजवाड्यात १९६८ मध्ये लोककलेचे संग्रहालय उघडले. कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्या, यक्षगानाचे मुकुट आणि पोशाख, भूतांचे मुखवटे, शेतकऱ्याची अवजारे, स्वयंपाकघरातली भांडी असा हजारो वस्तूंचा साठा. राजाच्या मुलीसाठी बांधलेल्या वाड्यात खेड्यातल्या कुंभाराचे आणि खेळियाचे काम मानाने ठेवायचे, हा निर्णय एका विद्यापीठाने घेतला. त्यामागे गावोगाव हिंडून वस्तू गोळा करणारे अध्यापक होते. या वाड्याची दुरुस्ती हे जुने दुखणे आहे. छत, भिंती, ओल यांच्या तक्रारी मीही ऐकल्या आहेत. तरी संग्रह आहे, त्याला विद्यापीठाचे नाव आहे आणि त्यावर संशोधन करणारा विभाग शेजारी आहे. कोल्हापूर, नांदेड, जळगाव, अमरावती या आपल्या विद्यापीठांच्या परिसरात लोककलेची काही कमतरता आहे का? वारली, चित्रकथी, दशावताराचे मुखवटे, पोतराजाचे आसूड, सावंतवाडीची लाखेची खेळणी. यातले किती आपल्या विद्यापीठांनी अशा तोलाच्या दालनात मांडले?

सावंतवाडीचे नाव निघाले म्हणून एक गोष्ट सांगतो. गंजिफाचे गोल पत्ते रंगवण्याची कला सावंतवाडीच्या राजघराण्याने सांभाळली, हे आपण अभिमानाने सांगतो. तीच कला म्हैसूरलाही वाढली. तिसरे कृष्णराज वडियार तर नवनवे गंजिफाचे खेळ रचत. हळदणकर ज्या गावातून आले आणि त्यांचे चित्र ज्या गावी लागले, त्या दोन्ही गावांत रंगाऱ्यांच्या पिढ्या गोल पत्त्यांवर दशावतार काढत होत्या. हे नाते प्रांतांच्या सीमांपेक्षा जुने आहे.

आणि वाट काही एकाच दिशेने चाललेली नाही. उडुपीजवळच्या कट्टिंगेरीचे के. के. हेब्बर म्हैसूरच्या चामराजेंद्र टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये शिकले, मग मुंबईला जे. जे.ला आले, तिथेच शिकवू लागले आणि मुंबईचे झाले. त्यांना 'परत द्या' असे कर्नाटकाने कधी म्हटले नाही. रविवर्मा त्रावणकोरचा, पण त्याने १८९४ मध्ये छापखाना काढला तो मुंबईत, आणि पुढे तो छापखाना लोणावळ्याजवळच्या मळवलीला गेला. त्याच्या लक्ष्मी-सरस्वती घरोघर पोहोचल्या त्या या छापखान्यामुळे, आणि त्याच्या कितीतरी नायिका नऊवारी नेसून उभ्या आहेत. तो कोणाचा, केरळचा की आपला? बेळगावात के. बी. कुलकर्णींनी रवी परांजप्यांसारखे विद्यार्थी घडवले. त्या शहराचा वाद न्यायालयात कुठवर आला आहे यावर त्या शिकवण्याचे मोल ठरते का?

मला सर्वांत मोठा दाखला वाटतो तो बडोद्याचा. १९५० मध्ये महाराजा सयाजीराव विद्यापीठात ललित कला विद्याशाखा सुरू झाली. चित्रकला विभागाचे प्रमुख झाले इंदूरचे मराठी नारायण श्रीधर बेंद्रे. शिल्पकलेला शांतिनिकेतनातून आलेले शंखो चौधुरी. पुढे केरळात जन्मलेले, शांतिनिकेतनात नंदलाल बोसांकडे शिकलेले के. जी. सुब्रमण्यन. त्याआधी वीस वर्षे मुंबई आणि कलकत्ता या ज्या दोन घराण्यांची तोंडे एकमेकांविरुद्ध होती, त्यांचे शिष्य गुजरातच्या एका विद्यापीठात, मराठी राजाने घडवलेल्या शहरात, एकाच व्हरांड्यात बसून शिकवू लागले. त्यातून जे निघाले त्यात गुलाम मोहम्मद शेख, भूपेन खख्खर अशी नावे आहेत. स्पर्धा राहिली, पण ती वर्गात, कामाच्या दर्जावर राहिली. त्यामुळे बडोदा वाढले, आणि मुंबई मात्र 'आपल्याला डावलले' हे दुःख उगाळत राहिली.

माझ्या म्हणण्यावर एक आक्षेप येतो आणि तो गंभीर आहे. जगनमोहनमध्ये तरी चित्रांची निगा नीट राखली जाते का? मी राजवाड्याची वकिली करत नाही. जुनी इमारत, पावसाळ्याची दमट हवा, दसऱ्यात लोटणारी गर्दी, यांचा त्रास तिथल्या प्रत्येक चित्राला आहे. जलरंगाचे चित्र कागदावरचे असते आणि प्रकाशाने त्याचे रंग उडतात. अशा कामांवर पन्नास लक्सच्या वर उजेड पडू नये असा संग्रहालयांचा जगभरचा दंडक आहे. हळदणकरांचे चित्र अंधाऱ्या, पडदा लावलेल्या जागेत दाखवले जाते. हेतू नाट्य साधण्याचा असो, कागदाला तो अंधार मानवणारा आहे. तरीही आर्द्रता नियंत्रित करणारी यंत्रणा, कागदाच्या स्थितीची नियमित तपासणी, चित्राशेजारी कन्नड, मराठी आणि इंग्रजीत माहितीफलक, त्यावर 'जलरंग, कागद' ही ओळ ठळक अक्षरांत, एवढे म्हैसूरने करायलाच हवे. आणि म्हैसूर विद्यापीठ जवळच असताना या संग्रहाची शास्त्रीय सूची विद्यार्थ्यांकडून करवून का घेतली जात नाही, हा प्रश्न मी इथल्या कन्नड मित्रांनाही विचारतो. तो रास्त आहे असे ते मान्य करतात.

पण 'तिथे निगा नाही म्हणून इथे आणा' असे म्हणणाऱ्याने इथली निगा आधी दाखवावी. कोल्हापूरचे आबालाल रहमान १९३१ मध्ये गेले. शाहू महाराजांच्या निधनाच्या दुःखात त्यांनी आपली असंख्य चित्रे कोटीतीर्थात बुडवली अशी आख्यायिका आहे. ती खरी असो वा नसो, उरलेली मोजकी चित्रे पाहायला आज कोल्हापूरच्या टाऊन हॉल संग्रहालयात रांग लागत नाही. सातारा जिल्ह्यातल्या औंधचे उदाहरण तर मनाला लागते. भवानराव पंतप्रतिनिधींनी १९३८ मध्ये तिथे संग्रहालय उभारले. रविवर्मा, धुरंधर, बंगालची मंडळी आणि हेन्री मूरचे एक शिल्पसुद्धा त्या टेकडीवर आहे. जगनमोहनच्या बाबतीत मी ज्या औदार्याचे कौतुक केले, तेच औदार्य आपल्या एका छोट्या संस्थानिकाने दाखवले होते. मी पाहुण्यांना विचारतो, औंधला गेला होतात का? बहुतेकांचे उत्तर नाही असते. हजार किलोमीटरवरच्या म्हैसूरमधल्या आपल्या चित्रासाठी जीव तुटतो, आणि साताऱ्यापासून जवळ असलेल्या भांडाराकडे पाठ. या प्रेमाला मी प्रेम म्हणायला तयार नाही.

जे. जे.ला २०२३ मध्ये अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला. त्यामुळे आता सबबी संपल्या. आता ते स्वतःच विद्यापीठ आहे आणि विद्यापीठाचे कलासंग्रहालय काढायचे तर परवानगीसाठी दुसऱ्या कोणाच्या तोंडाकडे पाहायचे नाही. माझी मागणी अगदी नेमकी आहे. संपूर्ण संग्रहाची छायाचित्रांसह सूची करून ती सर्वांसाठी खुली करावी. त्यातले एक दालन आठवड्याचे सहा दिवस उघडे राहावे, माफक तिकीट असावे, मराठी माहितीपत्रक असावे. त्या दालनात धुरंधर आणि हळदणकरांशेजारी हेब्बर असावेत, आणि कलकत्त्याहून उसने आणलेले अवनींद्रनाथही असावेत. जगनमोहनशी रीतसर करार करून 'ग्लो ऑफ होप' तीन महिन्यांसाठी मुंबईला मागावे आणि बदल्यात जे. जे.ची कामे तीन महिने म्हैसूरला पाठवावीत. तज्ज्ञांनी कागद प्रवासाला योग्य नाही असे सांगितले तर तेही मान्य करावे.

वाचकांकडे दोनच गोष्टी मागतो. 'राजा रविवर्मा' असे लिहिलेले ते चित्र पुढच्या दिवाळीत मोबाइलवर आले की पाठवणाऱ्याला तिथेच कळवा: चित्रकार सावळाराम हळदणकर, माध्यम जलरंग. आणि म्हैसूरला येण्याआधी एकदा औंधला जाऊन या.